म्हातारा डास

ज्योतीरामने आपल्या बहिणीला हिवतापाचं गणित चिंचोक्यांवर शिकवलं होतं. साल चोपन्न. ज्येष्ठ संपत आला होता आणि तळवड्याच्या घराघरांत पंपवाले डीडीटी फवारत फिरत होते. शालनच्या घरच्या भिंती नुकत्याच फवारून झाल्या होत्या. तिचा हा पदवीधर भाऊ, पुण्याच्या हिवताप कचेरीतला आकडेशास्त्राचा साहेब, धोतराचा सोगा सावरत ओसरीत मांडी ठोकून बसला होता आणि फोडलेले चिंचोके जमिनीवर टाकत होता.

"हे बघ शालू. काळी बाजू पडली तर डास जगला. पांढरी पडली तर मेला."

"मेला तर ब्येस झालं की," शालन म्हणाली.

"ऐक तर. डास तापकऱ्याला चावला म्हणजे लगेच दुसऱ्याला ताप देतो असं नाही. त्याच्या पोटात तो ताप पिकायला दहा-बारा दिवस लागतात. तेवढ्यात तो चार-पाच वेळा रक्त प्यायला घरात येणार, आणि पिऊन जड झाला की भिंतीवर टेकणार. भिंतीवर आहे औषध. म्हणजे दर खेपेला एक चिंचोका पडणार. आता तू पाच वेळा लागोपाठ काळी बाजू पाडून दाखव."

शालनने टाकून पाहिलं. तिसऱ्यालाच पांढरी पडली. पुन्हा टाकलं, दुसऱ्याला पांढरी. ती हट्टाला पेटली. तिची पाच वर्षांची अंबू शेजारी बसून टाळ्या पिटायला लागली, पण काही केल्या पाच काळ्या पडेनात.

"बघितलंस? सगळे डास मारायला नकोतच. त्यांना म्हातारं होऊ द्यायचं नाही, एवढंच."

"म्हंजी म्हातारा डासच त्येवढा वंगाळ," शालन म्हणाली आणि आवाज खाली आणून पुढे म्हणाली, "आमच्या सासूबाईंवानी."

"ऐकू येतंय गं मला!" चुलीपाशी बसलेल्या मंजुळाबाई ओरडल्या, आणि मग त्यासुद्धा हसल्या.

या दोघा भावंडांना एकमेकांवाचून कोणी नव्हतं. आई हिवतापाने गेली तेव्हा ज्योतीराम बारा वर्षांचा होता. बाप त्याआधीच गेलेला. चिखलीच्या चुलत्याने दोघांना ठेवून घेतलं, पण शाळेत एकालाच घालीन म्हणाला. शालनने पाटी भावाकडे सरकवली आणि स्वतः म्हशींमागे गेली. तेव्हापासून ज्योतीरामच्या मनात एक देणं बसलं होतं, आणि ते फेडायची त्याची रीत म्हणजे हे गणित. ज्या तापाने आई नेली तो कसा पसरतो, कुठे तोडला की तुटतो, हे तो कागदावर मांडून बसला होता. शालनला पुन्हा दिवस राहिले होते. तिच्या घरी ताप शिरू द्यायचा नाही हे त्याने मनाशी पक्कं केलं होतं. कचेरीतल्या लोकांना वाटायचं की हा माणूस पवना-इंद्रायणीच्या अख्ख्या खोऱ्यासाठी झटतो. झटत होता तो तिच्यासाठी. तिच्यामुळे खोऱ्याचंही भलं होणार असेल तर कोण नको म्हणेल!

पंपवाले निघायच्या आधी चावडीवर सगळ्या गावाला बजावून गेले होते की भिंतींना हात लावू नका, भाद्रपदातल्या पुढच्या फवारणीपर्यंत औषध टिकलं पाहिजे. चावडीवर अर्थात पुरुष होते. भिंती सारवतात आणि पांढऱ्या मातीने पोतारतात बायका, आणि बायका चावडीवर जात नाहीत. पुरुषांनी मान डोलावली, तंबाखू मळली, घरी आले आणि विसरले. ज्योतीरामने बहिणीला डासाचं आयुष्य समजावलं, चिंचोके समजावले, म्हातारपण समजावलं. भिंत पोतारू नकोस एवढं एक वाक्य तेवढं राहिलं. ते कोणीतरी सांगितलंच असणार असं तो धरून चालला.

पुढचं काम होतं पडताळणीचं, आणि तिथे ज्योतीराम सोवळ्यातल्या माणसासारखा कडक होता. फवारलेली काही गावं आणि न फवारलेली काही गावं घ्यायची. प्रत्येक गावात मोजकीच घरं तपासायची, पण ती कोणती हे आपण ठरवायचं नाही. पाटलाने दाखवलेली नकोत, रस्त्याकाठची सोयीची नकोत. सोडत काढायची आणि जी निघतील ती घ्यायची. त्या घरांतल्या पोरांची पानथरी, म्हणजे हिवतापाने सुजणारी प्लीहा, बरगडीखाली चाचपायची, बोटातून रक्त काढून काचेवर घ्यायचं, आणि सगळ्यांत महत्त्वाचं म्हणजे या पावसाळ्यात जन्मलेल्या तान्ह्या पोरांचं रक्त बघायचं. तान्ह्याच्या रक्तात जुना ताप नसतो. तिथे जंतू सापडले की ताप नवा आला, म्हणजे म्हातारे डास अजून जिवंत आहेत.

तळवड्याच्या सोडतीत शालनचं घर निघालं. कचेरीतला कारकून म्हणाला, "साहेब, नातेवाइकांचं घर आहे, वगळा." ज्योतीरामने ऐकलं नाही. सोडतीत निघालेलं घर वगळायचं नाही आणि न निघालेलं घुसवायचं नाही, हा त्याचा धर्म होता. आकडेशास्त्राला नात्यागोत्याचं वावडं असतं, असं तो मोठ्या ऐटीत म्हणाला.

आणखी एक शिस्त त्याने घालून दिली होती. शेताच्या दिवसांत पोरं घरी सापडत नाहीत, आणि निम्मीच पोरं तपासली तर हिशेब लंगडा होतो. म्हणून आपण जाण्याच्या चार दिवस आधी गावात निरोप जायचा की अमक्या अमक्या घरी साहेब येणार आहेत, पोरं घरी ठेवा.

निरोप गेला.

आषाढाच्या शेवटी तो शालनच्या दारात उभा राहिला तर घर ओळखू येईना. जमीन सारवलेली, वर बोटांची नक्षी. भिंतींना पांढऱ्या मातीचा हात दिलेला, वास अजून ओला. दाराच्या दोन्ही बाजूंना गेरूचे पट्टे. अंबूच्या केसांना तेल, अंगात धुतलेलं परकर-पोलकं.

"घर ब्येस दिसतंय न्हवं, दादा?" शालनने विचारलं.

"आरशासारखं केलंस," ज्योतीराम म्हणाला आणि भिंतीला टेकून बसला. कोटाची पाठ पांढरी झाली. शालनने ती पदराने झटकली आणि दोघं हसली.

"पंपवाल्यांनी पार कोड आल्यावानी केल्त्या भिंती," मंजुळाबाई म्हणाल्या. "साह्यबाला अशा घरात कसं बशिवनार? सून दोन दिस खपली. न्हाईतर ती शेजारची सुभद्रा! गौरी येऊ द्या न्हाईतर जावई येऊ द्या, तिच्या हातात पोतेरं दिसायचं न्हाई. आळसाची खाण नुसती."

ज्योतीराम अंबूची पानथरी चाचपत होता, म्हातारीचं बोलणं नुसतं त्याच्या कानावरून गेलं. सुभद्राबाईंचं घर सोडतीत निघालं नव्हतं. ज्योतीराम तिकडे गेलाच नाही.

त्या दिवशी तो ज्या ज्या घरी गेला ते ते घर असंच लखलखत होतं. दुसऱ्या गावी तेच, तिसऱ्या गावी तेच. साहेब सोडत काढतो आणि त्यात आपलं घर निघतं, हा केवढा मान! ज्यांची घरं निघाली त्या बायकांनी कंबर कसली होती. ज्यांची निघाली नाहीत त्या खट्टू होऊन बसल्या होत्या, आणि त्यांच्या भिंतींवरचं कोड तसंच होतं. ज्योतीरामचा ऊर भरून आला. परत गेल्यावर त्याने कचेरीचे मोठे डॉक्टर यशवंतराव यांना सांगितलंसुद्धा, "आपले लोक गरीब आहेत, पण काय स्वच्छता ठेवतात!"

श्रावणात दुसरी फेरी झाली. पुन्हा निरोप गेला, पुन्हा घरं पोतारली गेली.

आकडे आले ते वाईट आले. फवारलेल्या गावांत तान्ह्या पोरांच्या रक्तात जंतू होते, आणि न फवारलेल्या गावांत होते जवळजवळ तेवढेच. ज्योतीरामला घास गोड लागेना. त्याने बेरजा तपासल्या, काचा पुन्हा बघायला लावल्या, औषधाच्या पिंपांची शुद्धता तपासून घेतली. सगळं बिनचूक होतं. मग त्याने आपल्या गणिताकडे पाहिलं. डास भिंतीवर टेकतो हे त्यात गृहीत होतं. आणि टेकतच नसेल तर? या खोऱ्यातला डास रक्त पिऊन सरळ बाहेर, ओढ्याकाठच्या झाडीत जाऊन बसत असेल तर? त्याने समीकरणात एक नवं पद घातलं, घराबाहेर बसणाऱ्या डासांचं. त्याबरोबर सगळे आकडे इतके बेमालूम जुळले की त्याच्या अंगावर काटा आला.

भलत्या जागी जुळलेल्या गणितासारखी दगाबाज गोष्ट नाही. चुकलेलं गणित निदान टोचतं तरी. हे त्याच्या उशाशी शहाण्यासारखं पडून राहिलं.

यशवंतराव चांगले होते. त्यांनी दोनदा विचारलं, "ज्योतीराम, तुमची खात्री आहे?"

"आकड्यांची खात्री आहे, डॉक्टर."

"म्हणजे तिथे फवारणं म्हणजे औषध वाया घालवणं."

"असंच निघतंय."

भाद्रपदातली दुसरी फवारणी इंद्रायणीकाठच्या गावांपुरती रद्द झाली. पंप आणि पिंपं ट्रकात भरून खानदेशात गेली, तिथे ताप फार होता. ज्योतीरामचा निबंध मुंबईच्या एका परिषदेत वाचायचं ठरलं. शालनचं बाळंतपण मार्गशीर्षात पुण्याला आपल्या बिऱ्हाडी करायचं, तोवर निबंध पुरा करायचा, असा बेत त्याने आखला.

भाऊबिजेला तो तळवड्याला गेला. शालनला आठवा लागला होता, चालताना कमरेवर हात ठेवत होती. ओवाळून झाल्यावर म्हणाली, "पंपवालं दुसऱ्यांदा येनार व्हतं न्हवं? आलंच न्हाईत."

"तुमच्याकडचे डास शहाणे निघाले. घरात बसतच नाहीत, बाहेर बसतात."

"आन् म्हातारा डास?"

"तो चिंचोक्यातच राहिला," ज्योतीराम हसून म्हणाला.

शालनने मान हलवली. दादा सांगतो ते तिला कधी खोटं वाटलं नव्हतं.

कार्तिक सरता सरता एके सकाळी तिचा नवरा मालोजी कचेरीच्या पायऱ्यांवर येऊन बसला. आत यायचा धीर त्याला झाला नाही. ज्योतीराम बाहेर आला तसा तो उठला. "दादा, चला. तीन दिस झालं ताप उतरंना. काल सांजच्या येळंला पानावानी थरथरली, रातीपास्नं वळखंना."

ज्योतीरामने हिवतापावरची कोयनेलची इंजेक्शनं आणि ती देणारा कंपाउंडर बरोबर घेतला. गाडीने तिघं चिंचवडला उतरले. वाटेत पिंपरीला औषधाच्या नव्या कारखान्याचे खांब उभे राहताना दिसले. कंपाउंडर म्हणाला, "साहेब, आता इथेच औषधं बनणार." ज्योतीरामला त्याच्या तोंडात मारावीशी वाटली. टांगेवाल्याला तो सारखा हाकल हाकल म्हणत राहिला.

शालन डोळे उघडे ठेवून पडली होती, पण ते डोळे कुणाकडे बघत नव्हते. पोट ताणलेलं, ओठ काळे. ज्योतीरामने बरगडीखाली हात घातला. शेकडो पोरांच्या पोटावर फिरलेला तो हात. पानथरी दगडासारखी बोटांना लागली. कंपाउंडरने सुई दिली. दुसरी दिली. ज्योतीराम तिचं डोकं मांडीवर घेऊन बसला आणि 'शालू, शालू' करत राहिला. आयुष्यात पहिल्यांदाच त्याच्या डोक्यात एकही आकडा नव्हता. उन्हं डोक्यावर आली तेव्हा ती गेली. पोटातलं पोर तिच्याआधीच गेलं असावं, असं सुईणीने सांगितलं.

दहावा होईपर्यंत तो तिथेच राहिला. कचेरीला कळवलं नाही, दाढी केली नाही. अंबू त्याच्या पाठीला बिलगून बसायची आणि आईबद्दल काही विचारायची नाही. तिने विचारलं असतं तर बरं, असं त्याला वाटायचं. मन रिकामं पडलं की नजर उगीचच भिरभिरते. त्याला शेजारच्या अंगणात सुभद्राबाईंची चार पोरं दिसायची. धुळीत लोळणारी, शेंबडी, दणकट. सगळ्यात धाकटं श्रावणातलं तान्हं. एकाचंही पोट पुढे आलेलं नव्हतं, एकाच्याही तोंडावर तापाचा पिवळेपणा नव्हता. पाच हातांवरचं घर! दोन घरांत एक भिंत आणि एक तुळशीवृंदावन. बाहेर बसणाऱ्या शहाण्या डासांनी हेच घर का टाळलं? तो विचार यायचा आणि तो डोकं झटकायचा. एका घरावरून काही ठरत नाही, हे त्यानेच किती जणांना शिकवलं होतं.

सुतक फिटायच्या दिवशी मंजुळाबाईंनी घर सारवायला काढलं. दु:खाचं घर धुऊन सारवून काढायचं, हा रिवाज. भांडी अंगणात आली, वाकळा उन्हात पडल्या. मग मालोजी आणि ज्योतीरामने मिळून मधल्या घरातली मोठी कणगी सरकवली. ती धान्याने भरलेली असायची, म्हणून वर्षभर जागची हललेली नव्हती. औंदा धान्य कमी होतं, ती हलली.

तिच्या मागे हातभर रुंदीची पट्टी होती. तिथे पंपाचा फवारा पोचला होता, पण बाईचा हात पोचला नव्हता. पट्टीवर पांढरे, वाळलेले ओघळ होते. भिंतीला फुटलेलं कोड. आणि त्या पट्टीच्या खाली, जमिनीवर, डास पडले होते. वाळलेले, पाय आखडलेले, कोंड्यासारखे, चिमटीत धरता येतील एवढे. पट्टी जिथे संपत होती तिथे डास संपत होते. पुढे पोतारलेली स्वच्छ भिंत होती आणि तिच्या पायथ्याशी काही नव्हतं.

ज्योतीराम खाली बसला.

डास घरातच टेकत होता. भिंतीवरच टेकत होता. गणित बरोबर होतं, चिंचोके बरोबर होते, पहिल्या दिवसापासून सगळं बरोबर होतं. सोडतीत निघालेल्या प्रत्येक घराला निरोप गेला होता. त्या निरोपाने प्रत्येक घरात एका बाईच्या हातात पोतेरं दिलं होतं. त्याने तपासली ती नेमकी तेवढीच घरं. शेजारच्या आळशी घरात ताप नव्हता आणि तिथे तो गेला नव्हता, कारण ते निघालं नव्हतं. साऱ्या खोऱ्यावरचं औषध त्याने या चकचकीत भिंतींच्या साक्षीवर उठवलं होतं. आणि जी सगळ्यात चकचकीत होती, तिला टेकून तो म्हणाला होता, आरशासारखं केलंस.

मंजुळाबाई पांढऱ्या मातीचं घमेलं आणि पोतेरं घेऊन आल्या. त्या पट्टीच्या शेजारी अंबूची वाकळ टाकायची जागा होती.

"थांबा, मामी," ज्योतीराम म्हणाला.

"का रं?"

म्हातारीने त्याच्याकडे पाहिलं, भिंतीकडे पाहिलं, मग जमिनीवरच्या कोंड्याकडे. ती अडाणी होती, पण आंधळी नव्हती. तिचा हात घमेल्यात तसाच राहिला.

"त्या पावडरीनं मेलं व्हय हे?"

"हो."

"मंग..." तिचा आवाज एकदम बारीक झाला. "मंग आमी पोतारली न्हाई ती हीच जागा. तू येनार म्हनून सांगावा आला की ती पोतारायची. दर येळंला. मीच म्हनायची तिला, तुजा साह्यब भाऊ यायचाय, भिंती कर. तिला सुस्ती यायची तरी मी उठवायची." म्हातारीने ओला हात स्वतःच्या छातीवर ठेवला. "खरं सांग, ज्योतीराम. न्हाई पोतारलं असतं, तर वाचली असती व्हय माजी सून?"

याचं उत्तर त्याला येत होतं. नक्की असं कधीच सांगता येत नाही, पण किती संभव होता ते त्याला येत होतं. दशांशापर्यंत येत होतं. पदराला मातीचा पांढरा पंजा उमटलेली ती म्हातारी त्याच्यापुढे उभी होती, आणि तिचं उरलेलं आयुष्य त्याच्या एका शब्दाला टांगलं होतं. दारात मालोजी कणगीला हात लावून थिजला होता. ज्योतीरामला शालनची दया आली, म्हातारीची आली, आणि खरं सांगायचं तर स्वतःची सगळ्यात जास्त आली.

"नाही, मामी," तो म्हणाला. "त्याने काही झालं नसतं. तिला बाहेरच्या डासाने धरलं. पोतारण्याचा काही संबंध नाही."

मंजुळाबाईंनी मोठा श्वास सोडला. "देवा," त्या म्हणाल्या. मग डोळे पुसले, वाकल्या, पोतेरं पिळलं.

ज्योतीरामला ओरडायचं होतं. उद्याच डॉक्टरांना सांगू, पंप परत आणू, असं त्याने मनाशी म्हटलं. पंप ज्येष्ठाच्या आत येत नाहीत हेही त्याला माहीत होतं, आणि मधले महिने अंबू कुठे निजणार हेही. आता थांबा म्हणायचं तर कारण सांगावं लागणार, आणि कारण सांगायचं तर मघाचा शब्द गिळावा लागणार. तो बसून राहिला. म्हातारीचा हात वरून खाली, वरून खाली फिरला. ओघळ पुसले गेले. मग त्यांनी केरसुणीने जमिनीवरचे डास गोळा करून उंबऱ्याबाहेर लोटले, त्या जागी शेणाचा हात फिरवला, आणि ती वाळेपर्यंत थांबून अंबूची वाकळ अंथरली.

अंबू आत आली. वाकळेवर बसली. ओल्या भिंतीकडे बघून म्हणाली, "मामा, घर ब्येस दिसतंय न्हवं?"

ज्योतीरामने तिला जवळ ओढलं.

"हो," तो म्हणाला. "आरशासारखं."